क्रामारोव प्रकरण: चेहरा राहू द्या, नाव काढा

१९८१च्या ऑक्टोबरअखेरीस सावेली क्रामारोव हा नट मॉस्को सोडून कायमचा निघून गेला. वय ४७. तो नायक नव्हता, दिग्दर्शक नव्हता, कुठल्या चळवळीचा पुढारीही नव्हता. त्याच्या खात्यावर जमा होते ते चोर, गावगुंड, बेवडे आणि बावळट, तेही बहुतेक वेळा पडद्यावर दहा-पंधरा मिनिटांचे धनी. अशा माणसाला आधी दोनेक वर्षं देशाबाहेर जाऊ दिलं नाही. त्या काळात धड कामही दिलं नाही. आणि शेवटी तो गेला, तेव्हा त्याचं नाव चित्रपटांच्या श्रेयनामावलीतून काढून टाकायला घेतलं.

काम द्यायचं नाही, सोडायचंही नाही, आणि गेल्यावर तो कधी नव्हताच असं दाखवायचं. नुसता खुनशीपणा म्हणून हे सोडून देता येईल, पण मग यातलं खरं काही हाती लागत नाही. सोव्हिएत चित्रपटसृष्टीत चरित्र अभिनेत्याची किंमत काय होती आणि ती कोण ठरवत होतं, हे या एका प्रकरणातून जितकं उघडं पडतं तितकं मोठ्या नायक-नायिकांच्या चरित्रांतून पडत नाही. म्हणून ते जरा सविस्तर.

वकिलाचा मुलगा

जन्म १३ ऑक्टोबर १९३४, मॉस्को. वडील व्हिक्टर क्रामारोव वकिली करत. १९३८ साली, मुलगा जेमतेम चार वर्षांचा असताना, त्यांना अटक झाली. आरोप 'सोव्हिएतविरोधी प्रचारा'चा, शिक्षा आठ वर्षं, ठिकाण उत्तरेकडची उस्त-विमची छावणी. स्तालिनच्या काळात असे खटले हजारोंनी चालले आणि त्यांत वकील, न्यायाधीश, खुद्द तपास करणारे अधिकारीही भरडले गेले. शिक्षा संपवून बाहेर आलेल्या वडिलांना पुन्हा पकडून सायबेरियात तुरुखान्स्कला हद्दपार केलं. तिथेच त्यांचा अंत झाला. आई कॅन्सरने गेली तेव्हा मुलगा शाळकरी होता. पुढचा सांभाळ नातेवाइकांनी केला.

वडील 'जनतेचा शत्रू' म्हणून नोंदलेले, त्यात घर ज्यू. अशा मुलासमोर नाट्यशिक्षणाच्या संस्थांची दारं सताड उघडी असतील अशी अपेक्षाच नव्हती. आणि एका डोळ्यात तिरळेपणा. क्रामारोव मॉस्कोच्या वनशास्त्र संस्थेत दाखल झाला आणि शहरांत झाडं-बागा कशा लावाव्यात हे शिकू लागला. जोडीला कलावंतांच्या मध्यवर्ती भवनातल्या हौशी नाट्यगटात जाऊ लागला. देशभरच्या स्टुडिओंना आपले फोटो टपालाने पाठवण्याचा सपाटाही त्याने याच सुमाराला लावला असं सांगतात. मला ही गोष्ट खरी वाटते, कारण ती त्याच्या स्वभावाला धरून आहे. ज्या चेहऱ्यामुळे नायकाचं काम मिळणं अशक्य, तोच चेहरा लिफाफ्यात घालून लोकांच्या टेबलावर ठेवायचा.

१९६०-६१मध्ये दोन-तीन चित्रपटांत छोटी कामं मिळाली. त्यांतलं 'माझा मित्र कोल्का'मधलं दांडगट पोराचं काम लक्षात राहिलं. तिथून पुढे त्याच्यावर एक शिक्का बसला, आणि तो शिक्काच त्याची उपजीविका झाला.

बावळटाचा अभिमान

क्रामारोव काय करत असे ते नीट सांगायला हवं, नाहीतर त्याचं नाव पुसण्याची एवढी खटपट का झाली ते कळणार नाही. नुसत्या तिरळ्या डोळ्यावर हसणारा प्रेक्षक पाच मिनिटं हसतो आणि कंटाळतो. क्रामारोववर लोक वीस वर्षं हसत होते.

एडमंड केओसायान या दिग्दर्शकाने १९६६ साली यादवी युद्धाच्या काळातलं एक साहसनाट्य काढलं, 'हाती न लागणारे'. चार पोरं दरोडेखोर टोळीला जेरीस आणतात अशी गोष्ट. चित्रपट पुढच्या वर्षी लागला आणि पाच कोटींहून जास्त तिकिटं विकली गेली. त्यात क्रामारोव टोळीतला एक साधा शिपाईगडी आहे. भुतं पाहून घाबरून पळत आलेला हा गडी सोबत्यांना सांगतो की रस्त्याच्या कडेने मेलेली माणसं कोयते घेऊन उभी होती, आणि मग थांबून, आवाज खाली आणून, दोन शब्दांची भर घालतो: 'आणि शांतता.' ही भर त्याला चित्रीकरणाच्या वेळी सुचली असं म्हणतात. विनोद त्या दोन शब्दांच्या आधीच्या थांबण्यात आहे. तो घाबरलेला आहे, पण आपण काहीतरी भव्य सांगतोय याचा त्याला अभिमानही आहे. भीती आणि फुशारकी एकाच वेळी चेहऱ्यावर. आज साठ वर्षांनीही रशियन माणूस एखाद्या सुन्या जागेबद्दल बोलताना हे वाक्य फेकतो.

क्रामारोवची सगळी पात्रं अशीच आहेत. ती मूर्ख आहेत, पण स्वतःला लहान समजत नाहीत. 'नशिबाचे सद्गृहस्थ' या चित्रपटातला फेद्या घ्या. टोळीतलं त्याचं नाव 'कसोय', म्हणजे तिरळा. पात्राला नटाचं व्यंगच नाव म्हणून चिकटवलेलं. दिग्दर्शक अलेक्सांद्र सेरी, पटकथा गिओर्गी दानेलिया आणि व्हिक्टोरिया तोकारेवा यांची. बालवाडीचा एक सज्जन मुख्याध्यापक हुबेहूब एका अट्टल गुन्हेगारासारखा दिसतो, म्हणून पोलीस त्याला त्याच्या जागी टोळीत घुसवतात. चोरीला गेलेलं शिकंदराचं सोन्याचं शिरस्त्राण शोधायचं असतं. दोन्ही भूमिका येवगेनी लिओनोवच्या. टोळीत गिओर्गी विट्सिन, रादनेर मुरातोव आणि क्रामारोव. मुख्याध्यापक या तिघांना बालवाडीच्या शिस्तीत वागवतो: सकाळी व्यायाम, दात घासणं, अंथरुणं आवरणं.

त्यात एक प्रसंग आहे. लपायला मिळालेल्या घराच्या मालकाशी, एका वृद्ध प्राध्यापकाशी, कसोय बरोबरीच्या नात्याने गप्पा मारायला जातो. आपल्याही ओळखीत एक विद्वान आहे असं तो सांगतो. शिक्षण तिसरीपर्यंत, पण दहा रुबलची नोट अर्ध्या तासात अशी काढतो की खरी-खोटी ओळखू येत नाही. क्रामारोव हे वाक्य विनोद म्हणून टाकतच नाही. तो आपल्या मित्राचं मनापासून कौतुक करतो आणि समोरच्या प्राध्यापकालाही त्याच पंक्तीला बसवून त्याचा मान वाढवतो. हसू फुटतं ते त्या प्रामाणिकपणामुळे.

हा चित्रपट १९७१च्या डिसेंबरात लागला आणि १९७२मध्ये तिकीटखिडकीवर पहिला आला: साडेसहा कोटी प्रेक्षक. मराठी वाचकाला अंदाज यावा म्हणून सांगतो, मुंबईत बनलेला राज कपूरचा 'आवारा' १९५४ साली सोव्हिएत संघात लागला तेव्हा त्याचा आकडाही साधारण एवढाच होता, आणि ते वेड किती होतं याच्या गोष्टी आपण अजून सांगतो.

त्याच दोन-तीन वर्षांत विनोदी चित्रपटांचा दिग्दर्शक लिओनिद गायदाईच्या 'बारा खुर्च्या'मध्ये तो एकाक्ष बुद्धिबळपटू झाला (तिरळ्या नटाच्या डोळ्याला पट्टी बांधण्याची कल्पना गायदाईलाच सुचावी). 'इवान वासिल्येविच धंदा बदलतो'मध्ये झारच्या दरबारातला कारकून फेओफान झाला, आणि 'मोठी सुट्टी' या दूरदर्शन मालिकेत प्रौढांच्या रात्रशाळेतला एक विद्यार्थी. १९७५मध्ये दानेलियाच्या 'अफोन्या'त छोटं काम, १९७७मध्ये त्याच्याच 'मिमिनो'त तर कैद्याच्या वेशात नुसती झलक. यांपैकी 'इवान वासिल्येविच' आणि 'अफोन्या' या दोघांनी प्रत्येकी सहा कोटींच्या पुढे मजल मारली. सत्तरच्या दशकात सोव्हिएत प्रेक्षक विनोदी चित्रपटाला गेला आणि क्रामारोव भेटला नाही, असं क्वचितच होत असेल.

पगार, पदवी आणि गावोगावचे कार्यक्रम

एवढे प्रेक्षक, मग पैसा? इथे आपल्याकडच्या हिशोबाची सवय बाजूला ठेवावी लागते. सोव्हिएत नटाला चित्रपटाच्या कमाईत वाटा नसे. त्याला श्रेणी असे, आणि श्रेणीप्रमाणे चित्रीकरणाच्या प्रत्येक दिवसाचा दर ठरलेला असे. नायक साठ दिवस उभा राहिला तर साठ दिवसांचे पैसे. चरित्र नट सहा दिवस आला तर सहा दिवसांचे. चित्रपट साडेसहा कोटींनी पाहिला काय किंवा साडेसहा हजारांनी काय, सहाचे सात होत नसत.

म्हणून चरित्र नटांना दोन गोष्टींची गरज पडे. एक म्हणजे पदवी. 'मान्यवर कलावंत', त्यावर 'लोककलावंत', त्यातही प्रजासत्ताकाचा वेगळा आणि संपूर्ण संघाचा वेगळा. पदवीने दर वाढे, घराच्या यादीत नाव वर सरके, प्रवासात आणि आजारपणात चार सोयी मिळत. क्रामारोवने नाट्यसंस्था 'गीतिस'मधून १९७२ साली रीतसर पदविका घेतली, तोवर अर्धा देश त्याला ओळखत होता. १९७४ साली तो रशियन प्रजासत्ताकाचा मान्यवर कलावंत झाला.

दुसरी गोष्ट म्हणजे प्रेक्षकांसमोरचे कार्यक्रम. गावोगावच्या क्लबांत, कारखान्यांत, सांस्कृतिक भवनांत नटाने जायचं, चित्रपटांचे तुकडे दाखवायचे, किस्से सांगायचे, प्रश्नांना उत्तरं द्यायची. चित्रपट प्रचाराचं एक सरकारी कार्यालयच हे कार्यक्रम लावत असे, आणि खरी कमाई इथे होती. पण तितकाच धोकाही. ठरलेल्या दरापेक्षा जास्त कार्यक्रम किंवा कागदाबाहेरचा पैसा म्हणजे गुन्हा. 'हाती न लागणारे'च्या पुढच्या भागात बूबा कास्तोर्स्की हा गमत्या गायक रंगवणाऱ्या बोरिस सिच्किनला तांबोवमधल्या कार्यक्रमांच्या मानधनावरून तुरुंगाची हवा खावी लागली. सिच्किन १९७९ साली अमेरिकेला निघून गेला. एकाच चित्रपटमालिकेतले दोन विदूषक दोन-तीन वर्षांच्या अंतराने देश सोडतात, हा योगायोग म्हणावा असं मला वाटत नाही. ज्यांची लोकप्रियता अफाट आणि अधिकृत किंमत बेताची, अशांवर या व्यवस्थेचा ताण सर्वांत जास्त येत होता.

शनिवार

सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात क्रामारोव बदलला. योगासनं तो आधीपासून करत होता, कच्च्या अन्नाचं वेडही होतं; ही खुळं मॉस्कोच्या कलावंतांत खपून जात. पण मग तो धर्माकडे वळला. मॉस्कोच्या अर्खिपोव रस्त्यावरच्या सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनागृहात, जाऊ लागला आणि शनिवारी, ज्यूंच्या विश्रामाच्या पवित्र दिवशी, चित्रीकरण करणार नाही असं निर्मितिव्यवस्थापकांना सांगू लागला अशी माहिती त्याच्या सोबत्यांच्या आठवणींतून येते. शनिवार पाळणारा मान्यवर कलावंत! निर्मितीच्या वेळापत्रकाला एका दिवसाने फारसा धक्का बसत नाही. धक्का बसतो तो वरच्यांच्या समजुतीला.

त्याच सुमारास दुसरीकडूनही दार बंद होत होतं. हा नट सोव्हिएत माणसाला मूर्ख दाखवतो, ही कुरकुर समीक्षक आणि चित्रपट खात्याच्या कलापरिषदांत जुनीच होती. आता तिला धार आली. भूमिका कमी झाल्या. इथे एक गोष्ट मान्य केली पाहिजे: काम कमी होण्याला केवळ राजकारण कारणीभूत नव्हतं. शिक्का बसलेला नट चाळिशी ओलांडतो तेव्हा तोच बावळट पुन्हा लिहायला पटकथाकारही कंटाळतात. सोव्हिएत संघात नसतानाही हे घडतं. फरक असा की दुसरीकडे नट स्वतः नाटक काढतो, दुसऱ्या निर्मात्याकडे जातो, चुकला तर चुकतो. इथे निर्माता एकच होता, तोच परवाने देणारा आणि तोच सेन्सॉर.

क्रामारोवने देश सोडायचा अर्ज केला. ज्यू नागरिकासाठी ठरलेला मार्ग असा: इस्राएलमधल्या नातेवाइकाचं बोलावणं आणायचं, कामाच्या ठिकाणाहून दाखला मिळवायचा (म्हणजे तिथे सगळ्यांना कळणार आणि उद्यापासून लोक नजर चुकवणार), मग परदेशगमन कचेरीत फाइल द्यायची आणि बसून राहायचं. नकार आला तर त्यावर अपील म्हणून काही नसे. असे नकार मिळालेल्यांची एक स्वतंत्र जमातच तयार झाली होती. नोकरी गेलेली, जाता येत नाही, राहताही येत नाही. शास्त्रज्ञाला अडवताना राज्याच्या गुपितांचं कारण पुढे करता येई. तिरळ्या चोराची कामं करणाऱ्या नटाला कुठलं गुपित ठाऊक असणार?

वेळही वाईट साधली होती. १९७९मध्ये ५१ हजारांवर ज्यू नागरिकांना बाहेर पडू दिलं होतं. त्या वर्षाच्या अखेरीस सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात गेल्या, अमेरिकेशी संबंध बिघडले, मॉस्को ऑलिंपिकवर बहिष्कार पडला आणि नळ आवळला गेला. १९८१मध्ये आकडा दहा हजारांच्या आत आला, १९८२मध्ये तीन हजारांच्या आत. माणसं म्हणजे दोन सरकारांच्या वाटाघाटीतलं चलन झाली होती. क्रामारोव नेमका या उतारावर सापडला.

एका नटाचं दुसऱ्या नटाला पत्र

मग त्याने जे केलं ते त्याच्या पात्रांपैकी एखाद्याने करावं तसं होतं. अमेरिकेच्या अध्यक्षपदी १९८१च्या जानेवारीत रोनाल्ड रेगन आले होते, आणि रेगन हे एके काळचे चित्रपटनट. क्रामारोवने त्यांना पत्र लिहिलं: एका कलावंताने दुसऱ्या कलावंताला लिहावं तसं. मला माझं काम करता यावं म्हणून मदत करा, एवढाच त्याचा सारांश. पत्र बाहेर पोचलं आणि 'व्हॉइस ऑफ अमेरिका' या अमेरिकन सरकारी रेडिओच्या रशियन प्रसारणात वाचलं गेलं.

कसोयने प्राध्यापकाशी बरोबरीने बोलावं तसाच हा सूर आहे, आणि म्हणून अनेकांनी तो भाबडेपणा मानला. मला त्यात भाबडं काही दिसत नाही. त्या काळी पाश्चात्त्य नेत्यांना जाणारी पत्रं मानवी हक्कांच्या भाषेत असत. आंतरराष्ट्रीय करार, कलमं, यादी. सोव्हिएत अधिकारी त्या भाषेला सरावले होते, त्यांच्याकडे उत्तरंही तयार होती. क्रामारोवने विषयच बदलला. मी असंतुष्ट, म्हणजे राजवटीचा विरोधक, नाही; मी बेकार नट आहे. आणि ज्याला लिहिलं तो माणूस हॉलीवूडमध्ये नटांच्या संघटनेचा अध्यक्ष राहिलेला. काम मिळत नाही ही तक्रार ऐकण्याची त्याला पूर्वीपासून सवय.

देशातल्या प्रेक्षकावर याचा परिणाम आणखी वेगळा झाला असणार. १९८०च्या ऑगस्टपासून सोव्हिएत संघाने परकी रेडिओवर पुन्हा खरखर सोडायला सुरुवात केली होती, तरी शहराबाहेरच्या दाचांमधून, म्हणजे सुट्टीच्या घरांमधून, रात्री उशिरा, लोक ऐकत. एखाद्या असंतुष्ट भौतिकशास्त्रज्ञाचं नाव आलं तर सामान्य श्रोत्याला तो कोण हे ठाऊक नसे. 'कसोय'ला जाऊ देत नाहीत, हे मात्र ट्रॅक्टर चालवणाऱ्यालाही समजत होतं. चित्रपट खात्याने ज्याला दुय्यम नट म्हणून दुय्यम दरात ठेवलं, त्याची खरी वजनदारी इथे कामी आली. पत्रामुळेच परवाना मिळाला असं छातीठोक सांगता येत नाही. निर्णय बंद खोल्यांत होत. पण ज्या वर्षी दारं भराभर मिटत होती त्याच वर्षी याच्यासाठी एक फट उघडली, आणि ती पत्रानंतर उघडली.

ऑक्टोबर संपता संपता तो व्हिएन्नामार्गे बाहेर पडला. कागदावर मुक्काम इस्राएल, प्रत्यक्षात अमेरिका. त्या वर्षांत निघणाऱ्यांपैकी बहुतेकांनी हेच केलं.

कात्री कुठे चालते

देश सोडणारा सोव्हिएत कायद्याने नागरिकत्व गमावत असे, आणि त्याचं नावही सार्वजनिक जीवनातून काढलं जाई. लेखक असेल तर पुस्तकं ग्रंथालयातून उचलायची. गायक असेल तर रेकॉर्डी बंद. नटाचं काय करायचं हा मात्र अवघड प्रश्न होता, आणि क्रामारोवच्या बाबतीत तर विशेषच.

श्रेयनामावली त्या काळी बहुधा चित्रपटाच्या सुरुवातीला येई. त्यातला तुकडा कापणं किंवा पाटी नव्याने बनवणं हे एका दिवसाचं काम. नाव गेलं. त्याचे काही चित्रपट पडद्यावर आणि दूरदर्शनवर दिसेनासे झाले. पण सगळे कसे बंद करणार? नायक पळाला असता तर चित्रपटच फडताळात टाकला असता आणि प्रश्न मिटला असता. क्रामारोव प्रत्येक चित्रपटात थोडाथोडा होता. लिओनोवचा, विट्सिनचा, गायदाईचा, दानेलियाचा, अशा राज्याने स्वतः गौरवलेल्या माणसांच्या कामात तो विणलेला होता. 'इवान वासिल्येविच'मधून फेओफान उचकटला तर दरबाराचे प्रसंग कोसळतात. 'नशिबाचे सद्गृहस्थ'मधून कसोय काढला तर उरतं काय?

त्यात सरकारी वितरण खात्याचंही गणित होतं. विनोदी चित्रपट योजना पूर्ण करून देत. ज्या वर्षी सामूहिक शेतीवरच्या गंभीर चित्रपटांना कुत्रं फिरकत नसे, त्या वर्षी जुन्या विनोदी चित्रपटांच्या प्रती काढून चित्रगृहांचे आकडे भरले जात. म्हणून तडजोड झाली ती अशी की चेहरा चालू द्यायचा, नाव नाही. परिणाम काय? ज्याला त्याचं नाव ठाऊक होतं त्याला पाटीवरची रिकामी जागाही कळत होती. जे झाकायचं त्याची जाहिरात झाली.

चरित्र अभिनेत्याची खरी मालमत्ता कुठे असते याचं उत्तर खुद्द चित्रपट खात्यानेच इथे दिलं. पाटीवर नाव किती मोठं, दिवसाचा दर किती, पदवी कुठली, हे सगळं खात्याच्या हातात होतं आणि खात्याने ते परत घेतलं. उरलं ते लोकांच्या तोंडी बसलेलं बोलणं. तिथवर त्यांची कात्री पोचत नव्हती.

रशियन माणूस क्रमांक तीन

अमेरिकेत त्याला काम लवकर मिळालं. पॉल माझुर्स्कीने १९८४ साली 'मॉस्को ऑन द हडसन' काढला. न्यूयॉर्कला आलेल्या सोव्हिएत सर्कशीतला एक सॅक्सोफोनवादक, रॉबिन विल्यम्स, मोठ्या दुकानात खरेदी करताना परत जायला नकार देतो. कलावंतांवर पाळत ठेवायला सोबत आलेला केजीबीचा माणूस आहे बोरिस, आणि बोरिस आहे क्रामारोव. ज्याला दोन वर्षं जाऊ दिलं नाही तोच पडद्यावर दुसऱ्याला अडवतो. पुढे हा बोरिसच न्यूयॉर्कच्या रस्त्यावर हॉट डॉग विकताना भेटतो, कारण माणूस निसटला म्हणून परत गेलो तर काय होईल हे त्याला ठाऊक असतं. ती छोटी भूमिका मला त्याच्या अमेरिकन कामांत सर्वांत आवडते. पाळतवाल्याला त्याने राक्षस केलेलं नाही. तोही घाबरलेला नोकर आहे.

त्याच वर्षी '२०१०' या अंतराळपटात तो सोव्हिएत यानावरचा डॉक्टर व्लादिमिर रुदेन्को झाला. इथे एक आडवळण घेतो, कारण ते सोडवत नाही. मूळ कादंबरीच्या लेखकाने, आर्थर क्लार्कने, यानावरच्या रशियन अंतराळवीरांना सोव्हिएत तुरुंगांतल्या असंतुष्टांची आडनावं दिली होती. युक्रेनियन कवी मिकोला रुदेन्को त्यांपैकी एक. मॉस्कोतल्या 'तेखनिका मोलोद्योझी' मासिकाने १९८४ साली ही कादंबरी क्रमशः छापायला घेतली. दोन भाग छापून झाल्यावर वरच्यांच्या ध्यानात आडनावं आली. छपाई थांबली आणि संपादकाला जावं लागलं. म्हणजे ज्या वर्षी मॉस्कोत या आडनावांवरून गहजब झाला त्याच वर्षी हॉलीवूडमध्ये, स्वतःचं नाव पुसलेला एक नट त्यांतलं एक आडनाव लावून यानात बसला होता.

त्यानंतर ओघ बारीक झाला. १९८८मध्ये श्वार्झनेगरच्या 'रेड हीट'मध्ये, १९८९मध्ये 'टँगो अँड कॅश'मध्ये, १९९४मध्ये 'लव्ह अफेअर'मध्ये छोटी कामं. रशियन माणूस लागला की बोलावणं. मधल्या काळात त्याने शस्त्रक्रिया करून डोळा सरळ करून घेतला. डोळ्याबरोबर विनोदही गेला, अशी हळहळ रशियन चाहते अजून व्यक्त करतात. मला हे पटत नाही. कसोयचं हसू डोळ्यातून येत नव्हतं. ते रशियन बोलण्यातल्या चढउतारातून येत होतं, कुठला शब्द कुठल्या थरातल्या माणसाच्या तोंडी शोभतो याच्या अचूक जाणिवेतून येत होतं. तुरुंगातली बोली आणि वर्तमानपत्री बोली तो एकाच वाक्यात भिडवत असे. इंग्रजीत त्याच्याकडे ते साधन नव्हतं. डोळा तसाच ठेवला असता तरी अमेरिकन प्रेक्षकाला दिसला असता तो एक तिरळा परदेशी.

परतणं, आणि जे राहिले ते

१९९२ साली, सोव्हिएत संघ विसर्जित झाल्यावर, तो सोचीच्या 'किनोताव्र' महोत्सवाला पाहुणा म्हणून आला. अकरा वर्षांनी. लोकांनी गराडा घातला. दानेलियाने 'नास्त्या'त (१९९३) छोटं काम दिलं, आणि मिखाइल कोक्शेनोवच्या 'रशियन धंदा'तही तो दिसला. नवं पर्व सुरू होईल असं वाटत असतानाच आतड्याचा कॅन्सर निघाला. शस्त्रक्रियेनंतर हृदयात संसर्ग झाला, मेंदूत आघात झाले, दृष्टी गेली. ६ जून १९९५ रोजी सॅन फ्रान्सिस्कोत त्याचं निधन झालं, वयाची साठी उलटून काही महिने झाले होते. जवळच्या कोल्मा गावातल्या ज्यू दफनभूमीत त्याची कबर आहे. तिच्यावरचं शिल्प मिखाइल शेम्याकिनचं, नटाचं रंगरंगोटीचं टेबल आणि त्यावर भूमिकांचे मुखवटे. शेम्याकिन स्वतः १९७१ साली देशाबाहेर काढला गेलेला.

क्रामारोवने देश सोडून स्वतःचं नुकसान केलं, हे मत रशियात बऱ्याच जणांकडून ऐकायला मिळतं. घरी कोट्यवधींचा लाडका, तिकडे चार संवादांचा धनी. पण हा हिशोब मांडताना १९७३ची तुलना १९८९शी केली जाते, आणि ती चुकीची आहे. १९७७ साली 'मिमिनो'त त्याच्या वाट्याला मिनिटभर आलं होतं. मायदेशातच तो चार संवादांपर्यंत खाली आला होता.

आणि जे गेले नाहीत त्यांचं काय झालं? 'नशिबाचे सद्गृहस्थ'मधल्या माणसांकडेच पाहू. दिग्दर्शक सेरी १९८७ साली गेला. लिओनोव, संघाचा लोककलावंत, १९९४च्या जानेवारीत, नाटकाच्या प्रयोगाला निघताना हृदय थांबून गेला. मुरातोव २००४ साली हलाखीत गेला. आणि विट्सिन, कदाचित त्या सर्वांत मोठा कलावंत, त्याला संघाचा लोककलावंत ही सर्वोच्च पदवी मिळाली ती १९९० साली. पुढच्या वर्षी ज्या संघाची ती पदवी होती तो संघच उरला नाही. नव्वदच्या दशकात म्हाताऱ्या विट्सिनने मॉस्कोत चित्रपटनटांच्या रंगमंचावरच्या विनोदी कार्यक्रमांत काम करून किरकोळ मानधनावर दिवस काढले. २००१च्या ऑक्टोबरात तो वारला.